होडीतली जागा

आमच्या मिठबावात राहायला आलेला तो परदेशी म्हातारा स्वतःला लेखक म्हणवायचा. पण रोज माझी होडी पावलांनी मोजायचा आणि मोडक्या हिंदीत एकच विचारायचा, हिच्यात माणसं किती मावतात? मी सागर रक्षक दलातला. मनात पाल चुकचुकली. थेट हवालदारांना बोलावलं.

त्यांनी दरडावल्यावर तो म्हणाला, "लढाईत आम्ही दहा जण एवढ्याच होडीतून देश सोडून पळालो. आई किनाऱ्यावर राहिली. होडीत जागा नव्हती, असं आयुष्यभर पुस्तकांतून लिहीत आलो. खरंच नव्हती का?"

आदल्याच दिवशी मी जाळ्यांसकट चौदा माणसं नेली होती.

"सायबानू, सांगा तेका," मी म्हटलं, "धाच मावतत. अकरावो चढलो, तर होडी बुडतली."