फेतूचा डावा हात

माझ्या धाकट्या बहिणीच्या, फेतूच्या, मेंदूचे दोन भाग जोडणारा पूल जन्मापासूनच नाही, असं आपिया शहरातल्या डॉक्टरांनी सांगितलं. त्या दिवसापासून माशाचं डोकं, घरातला मानाचा घास, तिच्याच पानात पडतं.

आम्ही केवड्याच्या पातींची चटई विणत होतो. फेतूचा उजवा हात आईने शिकवलेली वीण घालत होता. डावा मात्र माझ्या मनातली नक्षी काढत होता. ती मी अजून कुणालाच दाखवली नव्हती.

"शीक जरा हिच्याकडून! थोरली म्हणवतेस ना?" आई मला म्हणाली.

"ताई, हा हात माझं ऐकतच नाही गं," फेतू हसली.

माझं डोकं फिरलं. पाती चिरायची सुरी कुठेय, एवढंच मनात आलं.

फेतू आईकडे वळून गप्पा मारत होती. तिच्या डाव्या हाताने सुरी अलगद माझ्यापुढे सरकवली, मूठ माझ्याकडे करून.