मांजर, उंदीर आणि आबा

गल्लीतल्या बयाबाईचा नवरा गेला, हे तानूबाईनं दारातूनच सांगितलं, आणि तिचा स्वतःचा नवरा खदाखदा हसला.

टीव्हीत उंदरानं मांजराच्या शेपटीवर गरम इस्त्री ठेवली होती. आबा मांडीवर थाप मारत होते. शेजारी आठ वर्षांची नात, साक्षी. चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीची ती परदेशी कार्टूनं केबल आल्यापासून रोज संध्याकाळी लागायची. शिरोलीच्या फौंड्रीत तीस वर्षं लोखंड घासलेला माणूस घरी आला की त्यातच रमायचा.

तानूबाई पुढ्यात येऊन उभी राहिली. "आवं, बयाबाईचा मालक गेला म्हंते मी!"

"बेस झालं," आबा मान हलवत म्हणाले आणि बाजूला सरक अशी खूण केली.

नवऱ्यानं बायकोचं न ऐकणं काही नवं नाही. पण थोरल्या दिरांचं असंच सुरू झालं होतं. आधी उगीच हसणं, मग भलतीच उत्तरं, मग एक दिवस पन्हाळ्याच्या वाटेला लागले ते परतलेच नाहीत. दुधानं तोंड पोळलेली बाई ती. दोन महिने बघत होती. आबा हाकेला ओ देत नव्हते. कुणी मागून जयभीम घातला तरी सरळ पुढं जायचे. बातम्या लागल्या की उठायचे. उद्या मुलगा प्रसेनजीत त्यांना वेड्यांच्या डॉक्टरकडं नेणार होता. रिक्षाही सांगून झाली होती. डॉक्टरनं ठेवूनच घेतलं तर?

"जळला मेला त्यो टीव्ही!" तिनं बटण पिळून आवाज पार बंद केला.

खोली गप्प झाली. मांजर खांबावर आपटलं. आबा हसले. पुन्हा आपटलं, पुन्हा हसले.

त्यांच्या पाठीमागं जाऊन तानूबाई म्हणाली, "आवं, मी मेले."

आबा हसतच होते.

साक्षीनं आजीचा पदर ओढला. तीही घाबरली होती. "आजी, कुणाला सांगू नगंस. रिटायरला चार म्हैनं ऱ्हायल्यात, कळलं तर कामावरनं काढतील म्हणाल्यात आबा. त्यास्नी कायबी ऐकू येत न्हाय. म्हणून तर मी रोज हेच लावते. ह्यात कोण बोलतच न्हाय."