तीन पायांची आकृती

सेलूच्या स्टेशनरोडवरचं रेडिओचं दुकान हाती आलं, तर बन्सीधरला पंख्याखालची खुर्ची मिळणार होती, पाटीवर नाव मिळणार होतं, आणि कापसाच्या बाजारातले अडते त्याला शेठ म्हणणार होते. पण सगळ्यात मोठी कमाई वेगळीच होती. सूर्यभान त्याच्या हाताखाली राहणार होता.

दुकानाचे मालक दिनकरराव. मूलबाळ नाही, आणि गुडघेही थकलेले. दोन कारागिरांपैकी एकाला दुकान द्यायचं त्यांनी ठरवलं होतं. बन्सीधर जुना. सूर्यभान कालपरवाचा, पण त्यानं लावलेला डाख दिनकरराव गिऱ्हाइकाला कौतुकानं दाखवायचे. गिऱ्हाइकंही आता दारातूनच विचारायची, सूर्यभान हाय का? चहा आला की पहिली कपबशी त्याच्याकडं सरकायची. बन्सीधर एकेक गोष्ट मनात मांडून ठेवत होता.

अशात हैदराबादहून रेडिओत बसवायचे नव्या जातीचे ट्रान्झिस्टर आले. तिन्ही पाय दिसायला सारखे, पण एकाच्या जागी दुसरा जोडला की जिन्नस जळालाच. दिनकररावांनी दोघांनाही पेन्सिलीनं आकृती काढून दिली आणि पायांपुढं ई, बी, सी लिहिलं.

"उद्या दोघांचे रेडिओ लावून बघू," ते म्हणाले. "ज्याचा वाजंल, त्याला किल्ल्या."

कागद टेबलावर ठेवून सूर्यभान जेवायला गेला. बन्सीधरनं त्यावरचे बी आणि सी रबरानं पुसले, एकाच्या जागी दुसरा लिहिला, आणि हात धुऊन आला.

सूर्यभान परतला. कागदाकडं बघत, गुणगुणत, पाय जोडायला लागला. कोणता पाय कुठला ते तपासायचा मीटर खुंटीवरच होता.

"तपासून घेतोस का?" बन्सीधरनं साळसूदपणे विचारलं.

"मालकानं काढून दिलंय म्हणल्यावर आणिक काय तपासायचं, बन्सीभाऊ?"

हे ऐकून बन्सीधरला इतकं बरं वाटलं, की स्वतःचे पायही त्यानं कागद बघून भराभर जोडून टाकले. मीटरकडं त्याचंही लक्ष गेलं नाही.

सकाळी दिनकररावांनी दोन्ही रेडिओ चालू केले. सूर्यभानचा खणखणीत बातम्या सांगायला लागला. बन्सीधरच्या रेडिओतून धूर निघाला.

दिनकररावांनी किल्ल्या सूर्यभानच्या हातात ठेवल्या. तो गोंधळून बघत राहिला. बन्सीधर मान खाली घालून जळका ट्रान्झिस्टर काढायला लागला. नुकसान आपल्या पगारातून कापा, असं तो पुटपुटला.

दिनकररावांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला.

"तुझ्या पगारातून कशाला? जळाला त्यो माझ्या खाती. मीटर लावून कोण बघतंय, तेवढंच मला बघायचं होतं. बी आन् सी मीच उलटे लिवून दिले होते, दोघांच्याबी कागदावर."