अकरा मिनिटांचं अपील

टाळ जरा बाजूला ठेवा आणि जवळ सरका. गोष्ट एका भल्या माणसाची आहे. भला होता, म्हणूनच त्याला झोप लागेना.

एटापल्लीच्या पुढं दोन कोसांवर बिरजूची बैलगाडी थांबली आणि गुणवंतराव उतरले. वरोऱ्याच्या मास्तरांचा हा मुलगा. चांद्याला वकिली केली, सेशन जज्ज झाला, शेवटी नागपूरच्या हायकोर्टात न्यायमूर्ती. गेल्या साली, म्हणजे एकोणीसशे पंचावन्नला, निवृत्त. सोमवारचं कीर्तन त्यांनी कधी चुकवलं नव्हतं. हल्ली मात्र पूर्वरंग संपायच्या आतच लालसू नावाचा एक आरोपी डोळ्यांपुढं उभा राही.

लाकूडठेकेदाराचा मुकादम मंगरू कुऱ्हाडीच्या घावानं मेला. पाहिलेलं कोणी नव्हतं. होता तो लालसूचा कबुलीजबाब. चांद्याला फाशीची शिक्षा झाली, अपील गुणवंतरावांच्या बेंचपुढं आलं. अकरा मिनिटं चाललं. मधे पंखा बंद पडला, मागं कोणी बाई उठली तिला त्यांनी बसवायला लावलं, एवढाच काय तो खोळंबा. निकालात त्यांनी लिहिलं, जंगलातला माणूस कोर्टात खोटं बोलत नाही. फाशी कायम.

ते वाक्य खरं होतं ना, एवढंच त्यांना लालसूच्या आईकडून ऐकायचं होतं.

लालसूची आई सुकरी, तिनं कोण, कुठले, काही विचारलं नाही. मोहाच्या सावलीत खाट टाकली, आंबील दिली. स्वतः मात्र उभीच. बसा म्हटलं की मान हलवी. पाहुण्याचा मान असेल, असं त्यांना वाटलं.

"शेजारपाजारच्यांसंगं तं घंटाभर बसते बुढी," बिरजू हसला. "तुमच्यापुढंच काऊन ताठ झाली, कोणाले ठाऊक."

दोन दिवस गुणवंतराव धानाचं विचारत राहिले, मोहफुलांचं विचारत राहिले. खरं ते ओठांवर येईना. सुकरी उभ्यानंच उत्तरं देई.

तिसऱ्या सकाळी त्यांनी पागोटं काढून मांडीवर ठेवलं. "बाई, तुमच्या लालसूची फाशी मी कायम केली. तो खोटं बोलला होता का?"

सुकरीनं हातातलं सूप भिंतीला टेकवून ठेवलं.

"तुमाले मी गाडीतून उतरतानाच वळखलं," ती म्हणाली. "सारी जिनगी खरंच बोलला माहा पोरगा. एकदाच खोटं बोलला."

"कोणासाठी?"

"मंगरू आमच्या सुनेच्या मांगं लागला होता. कुऱ्हाड माह्या हातात होती, साहेब. चांद्याले मले कोणी कोर्टात जाऊ देल्लं नाई. मंग मूलच्या टेशनापर्यंत पायी गेली, तिथून रेल्वेनं नागपूर. तेच सांगाले उठली होती मी. तुमी बसवलं. आज उभी राहू द्या."

मायबापहो, आता आरतीला उठाल, तेव्हा लालसूची आठवण ठेवा.