फौजेतली टोपी

महारुद्रने तिसऱ्यांदा किक मारली, तरी फटफटी सुरू झाली नाही. जळकोटच्या दवाखान्यासमोर उन्हाने पाय भाजत होते.

डॉक्टर ओट्यावर आले. "काय म्हणतेय?"

"पडल्याली गाडी हाय, साहेब. रुसलीया. बलभीम वाचंल न्हवं?"

"पाय मोडलाय. दोन महिने झोपून राहील. पण जिवाला धोका नाही, हवं तर लिहून देतो."

सकाळी हमरस्त्यावर बैलगाडी चुकवताना बलभीम फटफटीसकट मैलाच्या दगडावर आपटला होता. मागे बसलेला महारुद्र शेजारच्या काळ्या रानात उडून पडला आणि नुसता खरचटला. बलभीम त्याचा चुलतभाऊ, फौजेतून सुटून आलेला. तिथली लोखंडी टोपी डोक्यावर चढवल्याशिवाय तो गाडीला हात लावत नसे. माकणीची माणसं त्याला तपेलीवाला म्हणत. सगळ्यांत मोठ्याने हसणारा महारुद्रच. आज त्याला त्या हसण्याची लाज वाटत होती.

डॉक्टरांनी टोपी त्याच्या हातात दिली. उजव्या बाजूला वाटीएवढा पोचा होता.

"हा तडाखा डोक्याला बसला असता तर माझ्या हातात काही राहिलं नसतं. तुम्ही हीच घालून जा. मार खाल्लेली आहे, पण उघड्या डोक्यापेक्षा बरी. पट्टा हनुवटीखाली आवळा. आणि त्याच्या आईला ही दाखवा. असल्या वेळी शब्दांवर विश्वास बसत नाही, डोळ्यांनी बघितलं की बसतो."

महारुद्रला ते बरंच वाटलं. स्वतःचा पटका फाडून त्याने बलभीमचा पाय बांधला होता. त्यांच्याकडे मयत सांगायला जाणारा बोडक्या डोक्यानं जाई, तसं गावात शिरायचं त्याच्या जिवावर आलं होतं. पाचव्या किकला गाडी उठली.

त्याला घोर होता तो दगडोबाचा. अपघातानंतर तिथून गेलेल्या एस.टी.त गावचा दगडोबा होता. रक्तात पडलेला बलभीम त्याने खिडकीतून पाहिला होता, आणि दगडोबाच्या तोंडात तीळ भिजत नसे. बलभीमची आई हरणाबाई घरी एकटी. नवरा गेल्यापासून ती लेकाच्या तोंडाकडे बघून जगत होती.

लोहारा ओलांडलं आणि समोरून सादिक सायकल हाणत आला. माकणीचाच, बलभीमचा दोस्त. त्याने सायकल आडवीच घातली.

"महारुद्र, पळ! दगडोबानं बलभीम गेला म्हनून सांगितलं. काकू गावविहिरीच्या काठावर जाऊन बसल्यात. कुनी जवळ गेलं की फुडं सरकत्यात."

"आरं, त्यो जित्ता हाय!"

"या अल्ला! मग तूच जाऊन सांग. आमचं कुनाचंच ऐकंनात. म्हनत्यात, महारुद्र येऊ दे. त्याला बगितलं की मला कळंल. तवर काय करत न्हाय."

सादिकला मागे बसवायलाही तो थांबला नाही.

वाकलेलं हँडल डावीकडे ओढत होतं. मुरूम चाकाखालून सटकत होता. आई तुळजाभवानी, एवढं पोचू दे, मग माझं काय व्हायचं ते होऊ दे, असं तो मोठमोठ्याने म्हणत होता. माकणी दोन कोसांवर राहिली असताना ओढ्याच्या उतारावर चाक घसरलं. गाडी एकीकडे, तो दुसरीकडे. डोकं थेट धोंड्यावर आदळलं. कान सुन्न झाले, पण रक्ताचा थेंब नव्हता. टोपी नसती तर हरणाबाईला द्यायचा निरोप ओढ्यातच राहिला असता. तो उठला, गाडी उभी केली, आणि पुन्हा किक मारायला लागला.

गावविहीर दिसली. गाव लांब कोंडाळं करून उभं होतं. मधे, काठावर, पाय आत सोडून हरणाबाई बसली होती. जिवंत होती. महारुद्रला वाटलं, इथंच खाली बसून पोटभर रडावं.

त्याने गाडी बंद केली. सगळं चिडीचूप झालं. हरणाबाईने मान वळवून त्याच्याकडे पाहिलं. दोघांच्या मधे पन्नासेक पावलं असतील.

"काकू—"

घशात वाटभर खाल्लेली धूळ होती. आवाज फुटलाच नाही, नुसता घोगरा श्वास बाहेर आला. सुटकेच्या आनंदाने डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं, ते त्याला आवरेना. पुढे जायचीही भीती वाटत होती. मग त्याला डॉक्टर आठवले. त्याने घाईघाईने हनुवटीखालचा पट्टा सोडला, टोपी काढली आणि तिला नीट दिसावी म्हणून दोन्ही हातांनी उंच धरली.

हरणाबाईने त्याच्या बोडक्या डोक्याकडे पाहिलं, मग हातातल्या चेपलेल्या टोपीकडे, आणि काठ सोडून आत अंग टाकलं.