वरच्या फळीवरचा कप

कमल कंगवा घेऊन खुर्चीमागे उभी होती. ऋतिकाच्या कानांवर हेडफोन होता आणि नजर लॅपटॉपवर.

"थांब ना आई. एवढी फाईल सोडू दे."

"वेणी नको घालूस. नुसता अंबाडा बांध. दवाखान्यात केसपेपर काढणं बंद करतील ते."

"मी येतेच आहे तुझ्याबरोबर. पाच मिनिटं बस."

कमल पलंगाच्या कडेला बसली. उजवा हात मांडीवर, डाव्या हातात कंगवा. खांद्याचं हाड मोडल्यापासून तिचे केस ऋतिकाच विंचरायची.

ऋतिकाचं काम घरूनच चालायचं, विक्रोळीतल्या त्या एका खोलीत. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला त्याचा ठरलेला कोड द्यायचा. समोरची फाईल एका म्हातारीची होती. खांदा मोडलेला, पुन्हा दाखवायला आलेली. डॉक्टरने एकच ओळ लिहिली होती: हाड नीट जुळतंय. तेवढ्यावर काम भागत होतं. कोडच्या शेवटी 'ठरल्याप्रमाणे बरं होतंय' याचं अक्षर लावलं की फाईल बंद. पण त्याच्या आधी नर्सने लिहून ठेवलं होतं: बाई म्हणतात, वरच्या फळीवरचा कप काढता येत नाही.

नर्सच्या लिहिण्यावरून कोड देता येत नाही. म्हणून ऋतिकाने डॉक्टरला प्रश्न पाठवून फाईल अडवून धरली होती. त्यावरूनच टीम लीडर सम्यकचा फोन चालू होता.

"ऋतिका, यार, सकाळपासून तीच फाईल?"

"हात वर जात नाहीये तिचा. खांदा आखडला असेल तर त्याचा वेगळा कोड लागतो. डॉक्टरने लिहायला नको?"

"त्याने लिहिलंय ना, हाड जुळतंय. आपण हाडाचा कोड देतो. कपाचा नाही."

"पण तिने सांगितलंय रे."

"नर्सला सांगितलंय. डॉक्टरने लिहिलं नाही म्हणजे झालं नाही. ट्रेनिंगमध्ये काय शिकलीस? आणि तो डॉक्टर आत्ता झोपलाय तिकडे. फाईल आज जायला पाहिजे."

"उद्या जाईल मग."

"उद्या माझी वाट लागेल."

कमलने डाव्या हाताने केस गोळा केले आणि क्लिप लावून पाहिली. क्लिप खाली पडली. ती पायाने पलंगाखाली सारून कमल उठली. मोकळ्या केसांवर पदर घेतला, एक्स-रेचं मोठं पाकीट काखेत धरलं.

ऋतिकाने माइकवर हात ठेवला. "एकटी जाऊ नकोस गं. तू तिथे गेलीस की नुसतं बरंय, बरंय करतेस."

"मग काय भांडू त्यांच्याशी? शेजारच्या माणिकताई खाली उभ्या आहेत, त्यांनाही गोळ्या आणायच्यात."

"हात वर जात नाही, एवढं सांग. सांगशील ना?"

"सांगते."

दार लागलं. कानात सम्यक बोलतच होता. त्याने नियमाचं पान पाठवलं. ऋतिकाने त्याच पानावरची खालची ओळ त्याला वाचून दाखवली. मग दोघांचेही आवाज चढले. एका परक्या बाईच्या हातासाठी आपण इतकं का ओरडतोय, हे ऋतिकालाही कळत नव्हतं.

"तुला सोडायची नसेल तर मी सोडतो," शेवटी सम्यक म्हणाला.

ऋतिकाने प्रश्न मागे घेतला. अक्षर लावलं. फाईल गेली. पुढच्या फाईलमध्ये कुणाचा तरी गुडघा होता.

कमल परत आली तेव्हा तिच्या डोक्यावर पदर तसाच होता. तिने पाकीट पलंगावर टाकलं.

"काय म्हणाले?"

"हाड झकास जुळलं म्हणाले. एक्स-रे उजेडात धरला, बघितला, झालं. आता यायची गरज नाही म्हणे."

"हात वर जात नाही ते सांगितलंस?"

"हाताचं विचारलंच नाही त्यांनी."

"मग काय विचारलं?"

"कसं वाटतंय म्हणाले."

"मग?"

कमलने डोक्यावरचा पदर सारखा केला.

"बरंय म्हणालीस. हो ना? बरंय म्हणालीस!"

"मागे केवढी रांग होती गं. बाळं घेऊन उभ्या होत्या बायका. आणि त्यांनी माझ्या तोंडाकडे बघितलं असतं तर सांगितलं असतं. ते कागदाकडेच बघत होते."

ऋतिकाने हेडफोन काढून टेबलावर आपटला. "त्यांनी लिहिलं नाही तर व्यायाम कोण सांगणार तुला? हात असाच राहील, कळतंय का? उद्या परत जायचं. मी सुट्टी टाकते. आता बस इथे. आण तो कंगवा, आधी केस बांधते तुझे."

"राहू दे."

"बस म्हटलं ना आई!"

कमलने पदर खाली घेतला. कमरेपर्यंतचे केस मानेवर संपले होते.



"येताना पार्लर लागलं," कमल म्हणाली. "माणिकताई नको नको म्हणत होत्या. म्हटलं, पोरीचा रोज खोळंबा होतो."

तिने डाव्या हातात कंगवा घेतला आणि भिंतीवरच्या आरशासमोर उभी राहिली. एकदा फिरवला. पुन्हा एकदा फिरवला. उजवा हात खाली लोंबत होता.

"बघ," ती म्हणाली. "बरंय की."