पुन्हा एक टेक

"सर, तुम्हाला फक्त शिव्याच ऐकू येतात!" हर्षदा मुख्याध्यापकांवर खेकसली.

दहावीतल्या प्रज्वलचं रॅप गाणं टेबलावरच्या मोबाईलवर वाजत होतं. त्याचा बीट, म्हणजे मागचा ठेका, त्याच्याच वर्गातल्या हर्षदाने बनवलेला, म्हणून तिलाही केबिनमध्ये उभं केलेलं. दर शिवीला सर गाणं थांबवून "ऐकलंत?" म्हणत आणि प्रज्वलचे वडील मान खाली घालून पुटपुटत, "घरी तर तोंडातून शब्द काढत नाही हो हा."

"शिव्यांच्या पुढचं ऐका की जरा!" तिने मोबाईल ओढून घेतला आणि शेवटचं कडवं लावलं.

"माझी खुर्ची रिकामी ठेवा, ती निदान शांत बसते, मी नसलो की बघा, घरात आई कशी हसते."

"यात शिवी नाही," सर म्हणाले. वडिलांनी सुटकेचा निःश्वास टाकला.

हर्षदाचं डोकंच फिरलं. ती आणखी काही बोलणार, एवढ्यात तिला आठवलं. तिच्या घरी गाणं रेकॉर्ड करताना, आवाज घुमू नये म्हणून कपड्यांच्या कपाटात तोंड घालून त्याने हीच ओळ म्हटली होती. त्याचा गळा दाटला, तेव्हा ती टाळी देत ओरडली होती, "कडक, भावा! पुन्हा एक टेक दे, असाच रडका." आणि तो पुन्हा तसाच रडला होता.

सरांना सोडून ती प्रज्वलकडे वळली. तो बुटांकडे बघत होता.

"ते रिकाम्या खुर्चीचं खरंय?" तिने त्याचा दंड धरला. "यमक नको जुळवूस. हो की नाही, तेवढं सांग."